चार भिंतींवरची सुमनमावशी

"माय येत नाही म्हणते. तूच घेऊन ये," वैशालीचा फोन आला आणि मी शनिवारी सकाळीच धुळ्याहून निघाले. वैशाली माझी कॉलेजातली मैत्रीण. तिने आईच्या, म्हणजे सुमनमावशीच्या, रोजच्या कामांचं व्हिडिओ चित्रण करून ते जळगावला मेहरूणमधल्या एका हॉलात मांडलं होतं.

धुळे-एरंडोल एसटी भरपूर, बायकांना अर्धं तिकीट. स्वतःची गाडी काढू नका. पारोळ्यानंतर दोन्ही बाजूंना वेचणीला आलेला कापूस. एरंडोलहून रिक्षाने मावशीच्या गावी पोचले, तर ती अंगण सारवत होती.

"मनी भाकरीमा काय देखानं शे? लोके हासतीन."

"बघण्यासारखं आहेच. हसले तर उठून येऊ," मी म्हणाले.

मला ज्वारी-उडदाच्या कळण्याची भाकरी-ठेचा वाढून ती ठेवणीतलं पातळ नेसली. एरंडोलजवळचा पद्मालयचा गणपती राहिलाच. तुम्ही चुकवू नका.

दोघी जळगावला पोचलो. हॉलात चारही भिंतींवर एकाच वेळी मावशी दिसत होती. मधोमध बाज, तिच्यावर बसून बघायचं. समोर ती भाकरी थापते, तेव्हा पाठीमागे कापूस वेचत असते. डावीकडे भांडी, उजवीकडे सासऱ्यांचे पाय चेपणं. कसंही वळून बसा, तिचं एक काम आपल्या पाठीमागे चालूच राहतं.

खरी मावशी पदर तोंडाला लावून दाराशी उभी होती. बाजेवरच्या एका वयस्कर गृहस्थांनी वैशालीला विचारलं, "काम छान केलंय बाईंनी. नाटकात असतात का?"

वैशाली बोलायच्या आत मावशी पुढे झाली. "नाटक नई, भाऊ. ती मी शे. लगीन व्हयनं तैपासून आसंच करस."

गृहस्थ उठून उभे राहिले. "बसा, अक्का."

ती बसली आणि तिने सावकाश चारही भिंती बघितल्या. कुणी हसलं नाही. वैशाली डोळे पुसत होती. मला मात्र येणाऱ्या प्रत्येकाला सांगावंसं वाटत होतं, या बाईंना मी घेऊन आले.

नंतर तिघींनी भरीत-पुरी खाल्ली. थंडीत आलात तर जळगावचं भरीत खाल्ल्याशिवाय परतू नका.

घरी आल्यापासून मी स्वयंपाक तोच करते, पण "दिवसभर काही केलं नाही" हे वाक्य आता तोंडी येत नाही.

मंगळवारी वैशालीने कळवलं, मावशी गल्लीतल्या पाच जणींना घेऊन पुन्हा आली होती. प्रत्येक भिंतीपुढे उभी राहून सगळं समजावत होती. निघताना लेकीला म्हणाली, "बकरीनं दूध काढानं ऱ्हाई गयं. आते मी सांगसू, तू शूटिंग कर."