रिकाम्या खोलीचा आवाज

कपाटात जुना हेडफोन सापडला आणि तळेगावची ती दुपार आठवली. तेव्हा माहितीपटांचा कॅमेरा, आवाज, एडिटिंग सगळं मीच करायचो. एका शिंप्याच्या विधवेची मुलाखत संपली. मग नेहमीप्रमाणे खोलीची नुसती शांतता मिनिटभर रेकॉर्ड करायला आम्ही दोघं गप्प बसलो. शिलाई मशीन कोपऱ्यात झाकून ठेवलेलं होतं. हेडफोनमध्ये मात्र त्याचं पायडल चालू होतं.

मी दचकलो. बाई शांतपणे म्हणाल्या, "तुमाले बी ऐकू आलं ना? मले तं रोजच येते."

वायर खराब असेल म्हणून एडिटिंगमध्ये मी तो आवाज पुसून टाकला.

बायको जाऊन आता वर्ष झालं. काल रेकॉर्डर घेऊन, हेडफोन लावून स्वयंपाकघरात बसलो. काहीच ऐकू येईना. मग आठवलं, त्या बाईंच्या कानाला काहीच नव्हतं.

मी हेडफोन काढला. ओट्यापाशी बांगड्या वाजल्या.