बिनवाराचे चार दिवस

माझी मुलगी डॉक्टरकीच्या प्रवेश परीक्षेत दुसऱ्यांदा मागे राहिली, त्याच आठवड्यात तिनं एका देशाचं कॅलेंडर करायला घेतलं. देश तिच्या मनातला.

आम्ही दोघी तेव्हा लातूरला होतो. घर नांदेडला, तिचे पप्पा तिथंच. पण क्लाससाठी मुलं लातूरला येतात तशा त्यांच्या आयाही येतात, एक खोली घेतात, डबा आणि अलार्म सांभाळतात. मी त्यातलीच. नांदेडच्या शाळेत वेळापत्रक लावायचं काम वर्षानुवर्षं माझ्याकडं, तिथं रजा टाकून आले होते. दारामागं माझी यादी असायची. निकालानंतर तिच्यात एकच ओळ उरली : सोमवार, पाचच्या आत, तिसऱ्या वर्षासाठी क्लासला प्रवेश. मुलगी त्यावर हो म्हणत नव्हती आणि नाहीही म्हणत नव्हती. जेवायला बस म्हटलं की बसायची. बाकी वेळ जुन्या सराव प्रश्नपत्रिकांच्या पाठीमागं रेघा मारत राहायची.

खाली घरमालकिणीच्या कुटुंबाचं गाद्या भरायचं दुकान. दिवसभर कापूस पिंजायचं यंत्र घरघरायचं आणि कापसाचे बारीक तंतू जिन्यानं वर यायचे. दुपारच्या उन्हात ते खोलीभर तरंगत. खाली पडायची त्यांना अजिबात घाई नसे. मी आधी रोज दोनदा झाडायची. त्या आठवड्यात झाडणं सोडून दिलं आणि पलंगावर पडून त्यांच्याकडं बघत राहिले. असं मी आयुष्यात फार कमी वेळा केलंय.

गुरुवारी ती आंघोळीला गेली तेव्हा मी तो कागद उचलला. त्या देशाला एकच चंद्र, तो चोवीस दिवसांत फेरा पुरा करतो, म्हणून महिना चोवीस दिवसांचा. महिने चौदा. आठवडा नऊ दिवसांचा, कारण आमच्या गल्लीत नळाला नवव्या दिवशी पाणी यायचं. वारांची नावं वाचून हसू आलं. पाणीवार होता. सगळ्या खोल्यांतून कुकर वाजतात तो शिट्टीवार. कापसाचा वार होता. एक उशीवार होता, त्या दिवशी कुणी उशीवरून डोकं उचलायचं नाही. खाली लिहिलं होतं, सूर्याचं वर्ष तीनशे चाळीस दिवसांचं.

मी पेन्सिल घेतली. चौदा चोक छप्पन्न, चौदा गुणिले चोवीस तीनशे छत्तीस. ती केस पुसत बाहेर आली तर मी म्हणाले, "तुझ्या वर्षाला चार दिवस कमी पडतात."

ती थबकली. "तू माझा कागद बघितलास?"

"बघितला. आणि हे असंच राहिलं तर तुझ्या देशातली सोयाबीनची पेरणी थंडीत येईल."

"तिथं सोयाबीन नाही."

"मग जे काय पेरतात ते. ऐक, दर सहा वर्षांनी चार सक चोवीस, बरोबर एक महिना साठतो. एक अधिक महिना टाक. आपला धोंड्याचा असतो तसा."

"मम्मी, त्या देशात जावईच नाहीत. धोंडे कोण खाणार?"

निकालानंतर ती पहिल्यांदाच हसली. मी मात्र हिशेब जुळल्याच्या आनंदात होते. मला वाटलं, आता गाडी रुळावर आली, उद्या सोमवारचा विषय काढू.

शुक्रवारी घरमालकीण गच्चीवर पापड वाळवत होती, आम्ही दोघी मदतीला होतो. मुलगी तिला चाची म्हणायची. तिनं चाचीलाच विचारलं, दिवस कमी पडले तर काय करायचं.

"कुछ नै करना," चाची म्हणाली. "हमारा रमजान नै सरकता क्या? कभी थंड में, कभी कडक धूप में. मैं छोटी थी तो रोजे आसान थे, फिर मुश्किल हुए, फिर आसान. चांद को कौन बांधके रखा, बेटी?"

"पण मम्मीला चालत नाही ना, चाची. तिला सगळं जागेवर लागतं."

ती माझ्याकडं न बघता बोलली. मी उलटलेलाच पापड परत उलटला.

त्या संध्याकाळी तिनं कागद माझ्यापुढं ठेवला. अधिक महिना घेतला नव्हता. वर्ष संपताना चार रिकामे चौकोन काढले होते. त्यांना महिना नाही, वार नाही, आकडाही नाही. खाली बारीक अक्षरात होतं : या दिवसांत कुणी कुणाला काही विचारत नाही.

"कधीपासून?" मी विचारलं.

"उद्यापासून."

शनिवार, रविवार, सोमवार, मंगळवार. मी बोटांवर मोजलं. हे चार दिवस मीच तिला शोधून दिले होते.

ते चार दिवस कसे गेले हे मला नीट सांगता येत नाही, आणि मला तर गेल्या वर्षीच्या कुठल्या दिवशी काय भाजी केली तेही सांगता येतं. आम्ही भूक लागेल तेव्हा जेवलो. दुपारी झोपलो, उठलो तेव्हा पहाट आहे की संध्याकाळ ते कळेना, आणि दोघींपैकी कुणीच घड्याळाकडं गेलं नाही. खालून यंत्राची घरघर येत होती. तिच्या केसांत कापूस अडकला होता, तो मी काढला नाही. ती डॉक्टर होईल हे माझ्या मनात ती चौथीत असल्यापासून होतं. तेही त्या तंतूंबरोबर खोलीत कुठंतरी तरंगत असल्यासारखं वाटलं.

सोमवारी साडेचारला क्लासमधून फोन आला. "मॅडम, पाचला बंद होतंय. यायलात ना?"

मुलगी भिंतीकडं तोंड करून पडली होती. तिची पाठ ताठ झालेली मला दिसली.

"आज आमच्याकडं वार नाही," मी म्हणाले.

"काय म्हणालात?"

"आज काही ठरत नाही आमच्यात." आणि फोन ठेवला. दिलेली तारीख मी चुकवली असं त्याआधी झालं नव्हतं. पाच वाजून गेले. तिची पाठ हळूहळू सैल झाली आणि ती खरोखर झोपली.

बुधवारी चहा घेताना ती म्हणाली, "मम्मी, मी परत बसणार नाही. गणित घेऊन नांदेडलाच शिकते. तुला सांगायची भीती वाटत होती."

मला खूप काही म्हणायचं होतं. मी "बरं" म्हणाले.

पप्पांना फोन तिनंच लावला. सगळं एका दमात सांगितलं. मग ते म्हणाले, "हां. मग कधी यायलात?"