वारं लागू नये म्हणून

मला सातवा महिना लागला, तेव्हा आमच्या गव्हाण गावातल्या घरात सासूबाईंचे नियम रोज वाढत होते. पपई खायची नाही, उंबऱ्यात उभं राहायचं नाही, तिन्हीसांजेला केस मोकळे सोडायचे नाहीत. सगळ्यांत कडक नियम खिडक्यांचा. ऊन कललं की त्या घरभर फिरून एकूण एक खिडकी लावून घ्यायच्या.

"खाडीवरचा वारा हाय बाय, पोटुशीला लागतो," म्हणायच्या. मी पनवेल शहरात वाढलेली, वाऱ्याला भ्यायची मला सवय नव्हती. पण त्या मायेने सांगायच्या, म्हणून ऐकायचे.

खिडक्या लागल्या की हॉलमधला एसी सुरू व्हायचा आणि सासऱ्यांची बैठक बसायची. जमिनीच्या व्यवहाराची माणसं यायची, दलाल यायचे, गावातले दोघेतिघे असायचेच. एक सिगारेट विझायच्या आत दुसरी पेटायची. नव्या बंगल्याच्या हौसेपायी हॉल आणि स्वयंपाकघर यांच्यामध्ये भिंतच ठेवली नव्हती. मी भाकऱ्या थापत असायचे आणि धूर माझ्या नाकातोंडात जायचा. डोकं उठायचं. वाईट माणसावर रागावणं सोपं असतं, सासरे वाईट नव्हते. सकाळी स्वतः मासळीबाजारात जाऊन माझ्यासाठी ताजी बोयटं आणायचे, वर "काटं बघून खा" म्हणून सांगायचे.

नवऱ्याला म्हटलं, तू बोल. तो द्रोणागिरीच्या गोदामात दिवसभर माणसांवर आवाज चढवतो, पण बापासमोर त्याची बोबडी वळते. शेवटी मीच सासूबाईंकडे विषय काढला. त्या हसल्याच.

"आगो, जल्मल्यावर तर त्याला रोज धुरी देणार हाय मी, ओवा टाकून. धुरानं काय व्हतंय? वाऱ्याला भी."

बाळाला न्हाऊ घातल्यावर धुरी द्यायची पद्धत माझ्या माहेरीही आहे. मी चरफडत भाकरी उलटली.

त्याच आठवड्यात सोनोग्राफी होती. सासूबाई नेहमीसारख्या सोबत आल्या. पनवेलच्या त्या दवाखान्यात डॉक्टरीणबाई पडद्याकडे बघता बघता बोलायच्या थांबल्या, पुन्हा माप घेऊ लागल्या. माझा जीव टांगणीला लागला.

"बाळ महिन्यांच्या मानाने लहान आहे. खाणं नीट होतंय?"

"मी समोर बसून खायाला घालते," सासूबाई म्हणाल्या.

"तंबाखू, मिश्री काही?"

"नाय."

"घरात सिगारेट कोण ओढतं?"

सासूबाईंनी माझ्याकडे पाहिलं. घरातलं बाहेर काढू नको, असंच ती नजर सांगत होती. "सासरे," मी म्हटलं. "आणि त्यांच्याकडे येणारी माणसं. रोज संध्याकाळी, एसी लावून, सगळ्या खिडक्या बंद करून." माझा आवाज चढला होता. मी तो चढू दिला.

डॉक्टरीणबाईंनी पेन खाली ठेवलं. ओढणारा दुसरा असला, तरी तो धूर आईच्या श्वासातून रक्तात जातो आणि बाळाला मिळायचा प्राणवायू कमी होतो, असं त्यांनी सांगितलं. वजन वाढत नाही, बाळ दिवस भरायच्या आधी येऊ शकतं, कधी कधी पोटातच जातं. "तुमचं बाळ फक्त यानेच लहान आहे, असं मी म्हणणार नाही. पण हे कारण आजच्या आज बंद करता येतं. दुसऱ्या खोलीत बसून ओढणंही चालणार नाही. घरात धूर नकोच."

पोटातच जातं, एवढंच माझ्या कानात राहिलं. आणि सासूबाई खुर्चीतून पुढे सरकल्या.

"माजी दोन गेली," त्या म्हणाल्या. "हिच्या नवऱ्याच्या आधी. एक पोटातच गेला. दुसरा जल्मला, मुठीएवढा व्हता, रडलाच नाय. सगळी बोलली, वारा लागला. एकच खोली व्हती आमची, हे बिड्या ओढायचं, अन मी दार-खिरक्या लावून बसायची." मग अगदी हळू विचारलं, "त्यानंच गेली काय ती?"

"आता नाही सांगता येणार, मावशी. कुणालाच नाही."

ही दोन बाळं मला ठाऊकच नव्हती. परतताना ट्रेलरच्या रांगेत रिक्षा अडकली, तेव्हा मी त्यांचा हात धरला. तो बर्फासारखा गार होता.

घरी बैठक भरलेली होती. एरवी परक्या पुरुषांसमोर पदर सावरून आत जाणाऱ्या सासूबाई चपला न काढता हॉलच्या मधोमध उभ्या राहिल्या.

"काय बोलली डॉक्टरीण?" सासऱ्यांनी विचारलं.

"पोर वाढत नाय. ह्या धुरानं."

"डॉक्टर काय, कायपण सांगतान," सासरे हसले. बाकीचेही हसले.

"आपला दुसरा झाला, तवा तुमीच फडक्यात गुंडाळून नेला ना त्याला, खाडीवर पुरायाला?" त्यांचा आवाज जराही चढला नव्हता. "आता ह्याला पण न्यायचा हाय काय?"

माणसं उठली, चपला शोधू लागली. सासऱ्यांच्या बोटांत सिगारेट तशीच जळत राहिली. मग तेही उठून बाहेर गेले. त्यांनी ती सोडली, असं मी म्हणणार नाही. पार बांधावर जाऊन ओढायचे. घरात मात्र पुन्हा कुणी काडी पेटवली नाही.

त्यानंतरची प्रत्येक तपासणी मी जीव मुठीत धरून केली. लेक दिवस भरायच्या आधीच आली, वजनाला कमी. पण आल्याबरोबर रडली, आणि दाराबाहेर उभ्या असलेल्या सासूबाई तिच्याहून मोठ्याने रडल्या.

दवाखान्यातून घरी आलो, त्या दिवशी सासूबाईंनी तिला सासऱ्यांपुढे धरलं. "घ्या." त्यांनी हात पुढे केले आणि मागे घेतले.

"हात धुवून येतो," ते म्हणाले.

बेसिनचा नळ सुरू झाला. पाणी वाहतच राहिलं, साबणाचा वास हॉलपर्यंत आला, तरी नळ बंद होईना. आम्ही कुणी त्यांना हाक मारली नाही.