उसनी आत्या

दिल्लीतल्या मराठी घरांना तीन गोष्टी उसन्या मिळतात: साखर, विरजण आणि आत्या. पहिल्या दोन शेजारी मिळतात. तिसरी सरोजिनी नगरच्या सरकारी क्वार्टरमध्ये, दुसऱ्या मजल्यावर राहते. तिचं नाव विजया.

बाळाच्या बापाची खरी बहीण असते पुण्यात, नाहीतर न्यू जर्सीत. बारशाला येणार कोण? मग विजयाताईला फोन. ती ऑफिसातून अर्धी रजा टाकून यायची, पाळण्यात वाकून बाळाच्या कानात ‘कुर्रर्र’ करून नाव सांगायची, मागून बायका तिच्या पाठीत धपाधप बुक्के घालायच्या, की झालं बारसं. पंचवीस वर्षांत त्रेचाळीस बाळं. स्वतःचं लग्न नाही, मूल नाही. पण गणेशोत्सवाच्या मांडवात कुणी ‘आत्या!’ अशी हाक मारली, की ती खुशाल आपलीच समजून वळायची.

आणि त्या त्रेचाळीसांपैकी निदान तिसांच्या कानात तिनं भलतंच नाव सांगितलं होतं.

पकडणार कोण? पाठीवरच्या बुक्क्यांत आणि बायकांच्या हशात तिचं कुजबुजणं बाळाशिवाय कुणालाच ऐकू जात नसे. बाळ तक्रार करत नसे.

तिचंही काही चुकत होतं असं तिला वाटत नसे. आईबाप फोनवरच्या ॲपमधून नाव काढणार, त्याला चार भाषांतले चार अर्थ चिकटवणार. अर्थ घेऊन काय चाटायचाय? नावामागे माणूस उभा हवा. दाराच्या पाटीवर ठेवा हवं ते. कानात मात्र माणसाचं नाव जाईल.

त्या रविवारी ती मेट्रोनं वैशाली स्टेशनला उतरली आणि ऑटोनं गाझियाबादच्या अकराव्या मजल्यावरच्या सुजयकडे पोचली. सुजय साताऱ्याचा, बायको जिन्सी कोट्टयमची, लेक बारा दिवसांची.

“नाव काय ठरलं रे?” विजयाताईनं चपला काढता काढता विचारलं.

“झियाना! ग्रीकमध्ये धैर्य, फारसीत सौंदर्य आणि संस्कृतमध्ये चंद्र.”

“संस्कृतमध्ये चंद्राला झियाना म्हणतात? कोण, चंद्र स्वतः?”

“ॲपमध्ये आहे, ताई.”

“मग असेल बाबा.”

जिन्सी हसली. “मेरी मम्मी भी नाराज हैं, ताई. आमच्याकडे पहिल्या मुलीला दादीचं नाव देतात. मम्मी म्हणते, शुभांगीच ठेवा.”

“मग ठेवा की!”

“अम्माच नको म्हणतात.”

अम्मा म्हणजे सुजयची आई. ती स्वयंपाकघरात घुगऱ्यांना फोडणी देत होती. विजयाताई पदर खोचून तिथं शिरली.

“काय हो शुभांगीताई, नात तुमचं नाव लावतेय, तर एवढा भाव खाताय?”

“माझं कुठलं?” तिनं झारा आपटला. “मी शेवंता. दिवाळीच्या तोंडावर जन्मले, बापाच्या मळ्यात शेवंती फुलली होती. लग्नात ह्यांनी ताटातल्या तांदळावर अंगठीनं शुभांगी लिहिलं, संपलं. शुभांगी म्हणजे म्हणे सुंदर अंगाची. तेव्हा मी नुसती हाडं होते! दोन दिवस हाका मारत होते सगळे, मला वाटे दुसऱ्याच कुणाला बोलावतायत.”

“सुजयला ठाऊक आहे?”

“कुणाला सांगू? चाळीस वर्षं झाली. आता शेवंता म्हणून हाक मारणारं एकही माणूस उरलं नाही.” तिनं फोडणी ओतली. “जा तुम्ही, नाव ठेवा त्या चंद्राचं.”

विजयाताई गेली. पाळण्यात बाळ, भोवती बायका, समोरच्या टीव्हीवर व्हिडिओ कॉल: डावीकडे सातारा, उजवीकडे कोट्टयम. ती वाकली. “कुर्रर्र…” पाठीत बुक्के सुरू झाले. तिनं बाळाच्या कानाला ओठ लावले.

आणि टीव्हीतून, भिंती हादरतील अशा आवाजात, तिचाच स्वर आला: “शेवंता. तू शेवंता बरं का, सोन्या.”

बुक्के थांबले. एक हात तर पाठीवर तसाच राहिला.

“पाळण्याला माइक लावलाय,” सुजय कसनुसा म्हणाला. “तिकडच्यांना ऐकू यावं म्हणून. पण… झियाना ना, ताई?”

संपलं आता, विजयाताईच्या मनात आलं. उद्या सकाळच्या आत सगळ्या दिल्लीला कळणार आणि पुन्हा कुणी पाळण्याजवळ उभं करणार नाही.

पाठीवरचा तो हात रसिकाचा होता. नऊ वर्षांपूर्वी विजयाताईनं तिच्या रुचिताचं नाव ठेवलं होतं.

“एक मिनिट,” रसिका म्हणाली. “आमच्या रुचिताच्या कानात काय सांगितलं होतंत?”

“रुचिताच.”

“ताई.”

“…कुमुदिनी.”

“माझ्या सासूचं नाव? माझ्या मुलीच्या कानात?” रसिकाचा आवाज चढला. “तरीच! तरीच ही शाळेतून आल्या आल्या माझा ओटा तपासते!”

कुणीतरी फिस्कन हसलं. रुचिता घुगऱ्या खाता खाता म्हणाली, “मला माहितीये. आत्या मला एकटी असले की कुमुद म्हणते.”

“आणि तू ओ देतेस?”

“बिल्कुल.”

सुजय मात्र हसत नव्हता. “पण ही शेवंता कोण?”

“मी.” स्वयंपाकघराच्या दारात त्याची आई उभी होती, हातात झारा तसाच. “मी आहे शेवंता. बारशाच्या घरात आत्याबाईला जाब विचारतोस? सरक.” तिनं झारा त्याच्याच हातात दिला आणि पाळण्यावर ओणवली. “ए शेवंते,” म्हणाली. दुसऱ्यांदा म्हणताना तिचा आवाज फुटला आणि माइकनं तेही साताऱ्यापर्यंत पोचवलं.

जिन्सीनं आईला मल्याळममध्ये भराभर काहीतरी समजावलं. कोट्टयमच्या आजीनं ऐकलं, डोळ्यांना पदर लावला आणि टाळ्या वाजवायला सुरुवात केली. सुजय झारा धरून उभा होता.

“जन्मदाखल्याचा फॉर्म अजून भरला नाहीये,” जिन्सी त्याला म्हणाली. “चंद्राला राहू दे यार.”

निघताना लिफ्टमध्ये विजयाताई आणि रसिका दोघीच. अकरापासून सातपर्यंत रसिका तोंड फुगवून आकडे बघत राहिली. विजयाताईनं वाट पाहिली. आता ही म्हणणार, यापुढे आमच्याकडे नको.

“पुढच्या महिन्यात माझ्या भाच्याचं बारसं आहे, नोएडाला,” सहाव्या मजल्यावर रसिका म्हणाली. “तिथं आत्या मीच आहे. खरी.”

“हो का. छान.”

“तुमची गरज नाही तिथं.”

“नाहीच.”

चौथा मजला गेला.

“नाव क्रियान ठेवतायत,” रसिका म्हणाली. “मला शिकवाल?”

“काय?”

“ते… कुणाला ऐकू न जाता.”

विजयाताईनं पर्समधून चष्मा काढला, पुसला, नाकावर चढवला.

“आधी माइक कुठं लावलाय ते बघायचं,” ती म्हणाली. “आणि घरातल्या म्हाताऱ्या माणसाला स्वयंपाकघरात गाठायचं. तुझ्या वडिलांना लहानपणी काय म्हणत गं?”