दादाने धाडलेलं जाकीट

दादा दिवाळीला येणार म्हणून आईने हौसेने घराला रंग देऊन घेतला. दादा आला नाही. कॅनडाहून पार्सल आलं. त्यात पिसांचं जाकीट होतं, टम्म फुगलेलं, पण हातात घ्यावं तर वजनच नाही.

आजारपणानंतर आईच्या अंगावर मांस उरलेलं नाही. आमच्या डोंगरकडा गावात हिवाळ्यात केळीच्या बागांकडून असा गारठा येतो की सकाळी तिची बोटं वळत नाहीत. जाकीट बघायला अख्खी गल्ली लोटली. ‘लेक असावा तर असा’ म्हणत बायका त्याला हात लावून गेल्या. रोज तिचे पाय शेकणारी तिची लेक, म्हणजे मी, तिथंच चहाचे कप उचलत होते. माझं कुणी नाव काढलं नाही. मला राग आला, अजूनही येतो.

आईने जाकीट घातलं, पण मळायला नको म्हणून त्यावर आपला जुना, आटलेला स्वेटर चढवला आणि वरून शाल आवळून बांधली. आमच्याकडे चांगली वस्तू अशीच वापरतात. नव्या खुर्चीवरचं प्लास्टिकसुद्धा फाटेपर्यंत निघत नाही. ती कुडकुडत राहिली आणि फोनवर दादाला सांगत राहिली, “लई ऊब हाय रे बाबा.”

शेवटी मीच त्याला व्हिडिओ कॉल लावला आणि सांगितलं, तुझं जाकीट काही कामाचं न्हाई. आईकडे बघून तो हसायलाच लागला.

“अगं, पिसं दाबली की संपलं. ती फुगली तर त्यांच्यात हवा अडकून राहते. ती हवा अंगातली ऊब बाहेर जाऊ देत न्हाई. वरचं सगळं काढ.”

मी काढलं. जाकीट हळूहळू फुगलं. थोड्या वेळाने आईचे हात खरंच कोमट झाले. मला बरं वाटलं, आणि बरं वाटलं म्हणून स्वतःचाच राग आला.

मग आईने विचारलं, “मंग ह्या जाकिटात गरम काय हाय?”

“काहीच न्हाई, माय,” मी म्हणाले. “ऊब तुझीच. हे निस्तं धरून ठेवतं.”

“म्हंजे त्यानं काईच धाडलं न्हाई.”

फोन चालूच होता. दादा म्हणाला, “माय, तुझा आवाज तुटून राहिला,” आणि त्याने फोन ठेवला.

आवाज अगदी स्वच्छ जात होता.