नीलिमाकाकीचे पाठकोरे कागद

नीलिमाकाकीची कादंबरी माझ्या बाबांनी सुरीने कापली होती.

प्रत्येक पान मधोमध. मग दाभणाने शिवून तिच्या वह्या केल्या होत्या.

काकी परवा कोलकात्यात गेली. तिकडच्या पेपरांत पहिल्या पानावर फोटो आहे. आपल्याकडे एक ओळ नाही. म्हणून मी लिहितेय. पनवेलकरांनो, ती आपली पण होती.

नीलिमा भादुडी. बंगालीतली मोठी कादंबरीकार. नवीन पनवेलला तिसऱ्या मजल्यावर आमच्या समोरच्या दारात बारा वर्षं राहिली. काकांची नोकरी रसायनीच्या कारखान्यात होती.

पहिली कादंबरी तेविसाव्या वर्षी, कलकत्त्यात. गाजली. मग लग्न, बदली, मुलगी. आणि पाच वर्षं एक अक्षर नाही.

आम्हाला यातलं काही ठाऊक नव्हतं. बिल्डिंगसाठी ती मोहरी वाटून मासे करणारी बाई. काकू म्हटलेलं तिला आवडायचं नाही, काकी म्हणायचं. बंगालीतही काकीच म्हणतात.

नव्वदीच्या सुरुवातीला तिला कलकत्त्याहून पत्र आलं. आपल्याकडे दिवाळी अंक, तसे त्यांच्याकडे दुर्गापूजेचे अंक. त्यात अख्ख्या कादंबऱ्या छापतात. एका संपादकाला तिची कादंबरी हवी होती, जूनअखेर.

"या वेळी नाही पोचली तर मला परत कोण विचारणार?" ती आईला म्हणाली होती.

लिहायची फक्त एका बाजूला, कारण छापखान्याला तसंच लागतं. आणि एकदाच लिहायची. कच्चं नाही, कार्बन कॉपी नाही.

मे महिन्यात तिच्या घरात रंगकाम निघालं. कागदांचं खोकं तिने आमच्याकडे आणून ठेवलं. आईला सांगितलं. आई मला घेऊन माहेरी गेली आणि बाबांना सांगायचं विसरली.

बाबा रोडपालीकडच्या एका शाळेत शिक्षक. दर मेमध्ये अख्खी बिल्डिंग त्यांना ऑफिसातले पाठकोरे कागद आणून द्यायची. बाबा त्यांच्या वह्या शिवायचे आणि जूनमध्ये वर्गात वाटायचे. काकीसुद्धा काकांच्या ऑफिसातले द्यायची.

त्यामुळे खोकं बघून बाबा खूशच झाले. हाताने लिहिलेलं ते बंगाली त्यांना काकीच्या घरची जुनी रद्दी वाटली.

शाळा उघडली, वह्या वाटून झाल्या, आणि काकी खोकं मागायला आली. उरलेली वही बाबांनी कौतुकाने तिच्या हातात दिली. "बघा, तुमच्या कागदांच्या किती छान वह्या झाल्यात."

काकी उंबऱ्यातच बसली.

"भाईसाहब, ये तो मेरा उपन्यास है."

बाबांचा चेहरा मी तसा आधी कधी पाहिला नव्हता. माझे बाबा चूक कबूल करणाऱ्यातले नव्हेत. घरात तर नाहीच. पण त्या दिवशी हात जोडून म्हणाले, "चूक माझी आहे. एकेक कागद परत आणतो."

दुसऱ्या दिवशी वर्गातही तेच. चूक माझी आहे, वह्या परत द्या, नव्या देतो.

निम्म्या परत आल्या. उरलेल्यांसाठी बाबा तीन दिवस सायकलवरून रोडपालीत घरोघर फिरले. मी तेव्हा अकरावीत, माझी सायकल त्यांच्या मागे. त्या वर्षी पाऊस लांबला होता, उन्हाने जीव जायचा. प्रत्येक दारात बाबांचं पहिलं वाक्य एकच, "चूक माझी आहे."

एका दारात एक बाई वही चाळत म्हणाली, "गुरुजी, पोरीनी भागाकार केलेत यावर. चालंल का?"

"चालेल. मला पुढची बाजू हवी आहे."

"पुढचा त काय वाचता येत नाय."

"मलाही नाही येत," बाबा म्हणाले.

एका घरी त्या कागदात सुकट बांधलेली निघाली. काकीने वास घेतला आणि त्या आठवड्यात पहिल्यांदा हसली. "एडिटर को लगेगा, खाते खाते लिखा है."

मग आमच्या हॉलभर अर्धी अर्धी पानं. काकी वरच्या अर्ध्यातली शेवटची ओळ मोठ्याने वाचायची, आम्ही खालचे तुकडे पुढे करायचो. वरचे तुकडे पानांच्या आकड्यांप्रमाणे लावताना बंगाली चार आम्हाला इंग्रजी आठ वाटायचा, त्यात एक अख्खी संध्याकाळ गेली. खळ लावून सगळी पानं जोडली.

फक्त पान एकसष्टचा खालचा अर्धा भाग मिळाला नाही.

"उद्या परत जाऊन बघतो," बाबा म्हणाले.

"रहने दीजिए." काकी आमच्याच टेबलावर बसली आणि तेवढा भाग नव्याने लिहिला. मला म्हणाली, "आधी इथे ती रडत होती. आता नाही रडणार."

कादंबरी रजिस्टर पोस्टाने गेली. पोचली. छापली.

संपादकाने पानं परत पाठवली, सोबत पत्र: कादंबरी उत्तम, पान चाळीसच्या मागचा भागाकार चुकला आहे. बाबा कितीतरी दिवस तो कोणाचा ते शोधत होते.

त्यानंतर काकी थांबली नाही. समोरच्या त्या दोन खोल्यांत तिने आणखी नऊ कादंबऱ्या लिहिल्या. तिकडचा मोठा पुरस्कार मिळाला तेव्हा सोसायटीच्या फळ्यावर 'उद्या पाणी एकच वेळ येईल'च्या खाली खडूने तिचं अभिनंदन होतं. तो फळा बघायला ती काकांना हाताला धरून खाली घेऊन आली होती.

बाबा आठ वर्षांपूर्वी गेले. शेवटपर्यंत कुठलाही कागद हातात आला की आधी विचारायचे, "हे कुणाचं आहे?"

काल काकीच्या मुलीचा, बुलबुलचा फोन आला. ती भागाकारवाली पानं काकीने शेवटपर्यंत जपून ठेवली होती म्हणे. मी विचारलं, एकसष्टव्या पानावर खाली काय आहे गं?

तिने पान काढलं. वाचत वाचत हिंदीत सांगत गेली.

नायिका दारात उभी आहे. भर उन्हात एक मास्तर सायकलवरून येतो. घरोघर थांबतो. प्रत्येक दारात पहिलं वाक्य एकच म्हणतो, "चूक माझी आहे." ती त्याच्याकडे बघत राहते आणि डोळे पुसून आत जाते.

नायिकेचं रडणं काढून काकीने तिथे माझ्या बाबांना ठेवलं होतं. तीस वर्षं ते तिथे होते. आमच्या घरात कुणालाच बंगाली वाचता येत नव्हतं.

आज सकाळी बाबांच्या फोटोसमोर उभी राहून सगळं सांगितलं.

काकी, तिसऱ्या मजल्याचा तुला शेवटचा नमस्कार. तुझा फार अभिमान वाटतो गं.