हे तुह्यं नाई
कपाट उघडलं की त्या जाड पुस्तकातून डांबरगोळ्यांचा वास येतो आणि मी नालवाडीतल्या सरांच्या घरात जाऊन पोचते. एमएस्सीला रेषीय बीजगणितात मी नापास झाले होते, आता एकच संधी उरली होती. आमचे गणिताचे सर नुकतेच वारले होते आणि त्यांच्या पत्नीनं, आमच्या काकूंनी, त्यांची पुस्तकं विद्यार्थ्यांना द्यायला काढली होती. पुस्तक द्यायची सरांची एक रीत होती. मागणाऱ्यानं त्यातली एखादी सिद्धता मोठ्यानं वाचायची, आणि तो न समजताच पुढं सरकतोय असं वाटलं की सर टेबलावर डस्टर दोनदा आपटत. मग ते पुस्तक त्याचं नाही. काकूंनीही तेच केलं. "वाच पोरी, मोठ्यानं वाचजो," म्हणाल्या. भर दुपार होती, वीज गेल्यामुळं कूलर बंद पडला होता. मी सगळ्यांत पातळ पुस्तक उचललं. मॅट्रिक्सची एक ओळ कळली नाही, तरी दामटून पुढची वाचली, आणि आतल्या खोलीत टक टक झालं. काकू तर माझ्यासमोरच बसल्या होत्या, हात मांडीवर ठेवून. "आत कोण आहे, काकू?" "कोणी नाई. हे तुह्यं नाई, दुसरं घे." जाड पुस्तक मी अडखळत, पण समजून वाचलं. आत शांत होतं. काकूंनी तेच माझ्या पिशवीत घातलं. मी पास झाले, आता शिकवतेही त्यातूनच. फक्त घरात एकटी असले की ते मोठ्यानं वाचत नाही.